नकाराचे कारण सांगा

मध्य प्रदेशातल्या महूच्या रेशन दुकानात यंत्रावर बोट ठेवले आणि पडद्यावर नुसते ‘अयशस्वी’ उमटले, तर मजूर बाईने करायचे काय? आधारची प्रणाली खरे तर कारण कळवते. ३०० या संकेतांकाचा अर्थ ठसे जुळले नाहीत. ३३० आला तर आधारधारकाचे बायोमेट्रिक कुलूपबंद आहे. पहिल्या प्रकारात दुसरे बोट लावून पाहता येते. दुसऱ्या प्रकारात कुलूप उघडेपर्यंत कितीही बोटे घासली तरी उपयोग नाही. सर्व्हरने पाठवलेला हा फरक मधल्या सॉफ्टवेअरने गिळला, की घरात येणारे धान्य अडते.

कारण उघड केले तर भामट्यांचे फावेल, हा आक्षेप पोकळ नाही. लॉगिन करताना नाव चुकले की पासवर्ड, हे सांगू नयेच. डेटाबेसची आतली रचनाही बाहेर पडू नये. पण ‘तुमचे बायोमेट्रिक बंद आहे’ हे समोर उभ्या माणसाला सांगितल्याने काय चोरीला जाते? खर्चाची सबबही टिकत नाही. त्रुटीचा प्रकार आणि तपशील कसा कळवावा, याचा आरएफसी ७८०७ हा इंटरनेट मानकाचा नमुना २०१६ मध्येच सर्वांना मोफत उपलब्ध झाला. मध्य प्रदेश सरकारने यंत्रांच्या निविदेतच अट घालावी: प्रत्येक नकारासोबत सोप्या हिंदीत कारण आणि पुढचा उपाय.