नवा कोंबडा आणताय? आधी विलगीकरण

परसात आठ-दहा कोंबड्या पाळणाऱ्या घरात कोंबडा म्हातारा झाला की आठवडी बाजारातून नवा आणतात आणि त्याच संध्याकाळी खुराड्यात सोडतात. काळजी असते ती झुंजीची. झुंज होतेच, कारण कळपातली उतरंड नव्याने ठरत असते. दोन कोंबडे एकत्र असतील तर जखमाही होतात. पण त्याहून मोठा धोका नव्या कोंबड्याच्या श्वासातून आणि विष्ठेतून येतो. तो पहिल्या दिवशी दिसत नाही.

राणीखेत रोगाचा विषाणू शरीरात शिरल्यापासून लक्षणे दिसेपर्यंत 2 ते 15 दिवस जाऊ शकतात. म्हणजे बाजारात तुरा लालभडक आणि बांग खणखणीत असलेला कोंबडा आठवड्याने मान वाकडी करून पडू शकतो, तोवर सगळे खुराडे बाधित झालेले असते. शिवाय घरात मर लागली की उरलेले पक्षी घाईने विकायची सवय आहे. त्यातलाच एखादा दुसऱ्याच्या घरी जातो.

हा प्रश्न फक्त कोंबड्यांचा नाही. राणीखेतने माणसाचे फार तर डोळे येतात, पण बर्ड फ्लू माणसाच्या जिवावर बेतू शकतो. देशात तो प्रथम आढळला 2006 मध्ये, आपल्याच नंदुरबार जिल्ह्यातल्या नवापुरात. खुराडे झाडणे, आजारी पक्षी हाताळणे ही कामे बहुधा बायका आणि मुलेच करतात. म्हणूनच ताप-खोकल्याच्या रुग्णाने घरात कोंबड्या मेल्या असतील तर ते डॉक्टरांना आपणहून सांगावे.

उपाय साधा आहे. नवा कोंबडा तीन ते चार आठवडे दूर, वेगळ्या जागी ठेवावा. दाणापाण्याची भांडी वेगळी असावीत. आधी जुन्या कोंबड्यांचे काम उरकून मग त्याच्याकडे जावे, नंतर हात साबणाने धुवावेत. मुदत संपली की आठवडाभर जाळीआडून ओळख होऊ द्यावी, मग अंधार पडताना आत सोडावे. मेलेला पक्षी नाल्यात किंवा उकिरड्यावर न फेकता चुना टाकून खोल पुरावा. एकाच वेळी अनेक पक्षी मेले तर हात न लावता पशुवैद्यकीय दवाखान्याला कळवावे.

राणीखेतवर लस आहे. अडचण अशी की तिच्या एका कुपीत शंभर किंवा त्याहून जास्त मात्रा असतात आणि एकदा विरघळवली की ती काही तासांतच वापरावी लागते. दहा कोंबड्यांसाठी कोण ती विकत घेणार? हे घरोघरी सुटणारे कोडे नव्हे. ग्रामपंचायत आणि पशुवैद्यकीय दवाखाना यांनी मिळून ठरावीक दिवशी सगळ्या गावाचे लसीकरण करायला हवे. लहान मुलांसाठी आपण लसीकरणाचा वार ठरवू शकतो, तर कोंबड्यांसाठीही ठरवता येईल. त्यात अंडी विकून घरखर्चाला हातभार लावणाऱ्या बाईची कमाई वाचेल आणि सगळ्या घराचे आरोग्यही.