तगरचे कापड, कळंबचे सोयाबीन आणि समीक्षेतील ‘जागतिकीकरण’

‘जागतिकीकरण आणि मराठी कादंबरी’ किंवा याच वळणाचे शीर्षक असलेला एखादा तरी निबंध वाचला गेला नाही, असे चर्चासत्र मराठवाड्यातील महाविद्यालयांत गेल्या वीस-पंचवीस वर्षांत क्वचितच झाले असेल. या निबंधांची घडण आता पाठ झाली आहे. प्रथम १९९१ चे आर्थिक धोरण, मग ‘खाउजा’ हे लघुरूप, मग खेड्यावर झालेले आक्रमण, मग चार-पाच कादंबऱ्यांतील उतारे आणि अखेरीस मूल्यऱ्हासाविषयीची खंत. एखादी संज्ञा समीक्षेची म्हणून मिरवत असेल, तर तिच्यावाचून जे दिसले नसते असे काही तिने संहितेत दाखवून दिले पाहिजे. ‘जागतिकीकरण’ ही संज्ञा आपल्याकडे असे काहीही करीत नाही. ती कादंबऱ्यांवर डकवायची चिठ्ठी झाली आहे. हा दोष केवळ विद्यार्थ्यांचा नाही. ही चिठ्ठी छापून देणारे आपण, म्हणजे प्राध्यापक-समीक्षक, आहोत.

या वापरामागे दोन गृहीतके आहेत. एक असे की, १९९१ पूर्वीचे मराठी खेडे आपल्यापुरते पूर्ण होते, जगाच्या बाजाराशी त्याचा संबंध नव्हता. दुसरे असे की, या खेड्याला जो धक्का बसला तो बाहेरून, परकीयांकडून बसला. ही दोन्ही गृहीतके धाराशिव जिल्ह्याच्या, म्हणजे २०२३ पर्यंतच्या उस्मानाबादच्या, आधारे तपासता येतात. २०१८ मध्ये केंद्र शासनाने महाराष्ट्रातील जे चार जिल्हे ‘आकांक्षित’ ठरवले त्यांत नंदुरबार, गडचिरोली आणि वाशिम यांच्याबरोबर हा जिल्हा आहे. शासनाच्या भाषेत तो मागे राहिलेला, समीक्षेच्या भाषेत उद्ध्वस्त झालेला. दोन्ही भाषांत त्याला स्वतःची कर्तृवाचक क्रियापदे नाहीत.

तेरणेच्या काठचे तेर मराठी समीक्षेला परिचित आहे ते गोरोबाकाकांचे गाव म्हणून. संतपरंपरेच्या अभ्यासात ते येते, आणि तिथेच थांबते. परंतु हेच गाव इसवी सनाच्या पहिल्या शतकातील ‘पेरिप्लस ऑफ द एरिथ्रियन सी’ या ग्रीक प्रवासवृत्तात ‘तगर’ या नावाने आले आहे. भडोचच्या दक्षिणेस वीस दिवसांच्या वाटेवर पैठण, पैठणच्या पूर्वेस दहा दिवसांच्या वाटेवर तगर हे फार मोठे शहर, आणि तिथून वाट नसलेल्या मुलखातून गाड्यांवर लादून भडोच बंदरात येणारे साधे कापड व तऱ्हेतऱ्हेची मलमल, असा तो उल्लेख आहे. हे तगर म्हणजेच तेर हे फ्लीटने १९०१ मध्ये सप्रमाण मांडले. पुढे शिलाहार राजे स्वतःला ‘तगरपुरवराधीश्वर’ म्हणवून घेत राहिले. बा. ना. चापेकरांनी १९५८ मध्ये येथे उत्खनन केले. रोमन नाण्यांच्या मातीतल्या प्रतिकृती तेरला सापडल्या आहेत, आणि पाँपेईत १९३८ मध्ये मिळालेल्या हस्तिदंती स्त्रीमूर्तीशी नाते सांगणारी मूर्ती लामतुरे वस्तुसंग्रहालयात आहे. स्वयंपूर्ण खेड्याची कल्पना ज्याला साहित्यात वापरायची असेल त्याने ती निदान या तालुक्यात वापरू नये.

मात्र येथे लगेच एक सावधगिरी घ्यावी लागते. ‘आम्ही दोन हजार वर्षांपूर्वीच जागतिक होतो’ हा अलीकडे लोकप्रिय झालेला सूर पहिल्या गृहीतकाइतकाच आळशी आहे. पेरिप्लस ही विकत घेणाऱ्याची संहिता आहे. तीत कापडाचे प्रकार आहेत, बंदर आहे, वाटेचे दिवस आहेत, विणणारा नाही. सूत कोणी कातले, त्याला काय मिळाले, गाडीवानाचा वाटा किती, याविषयी ती मूक आहे. आणि हे मौन योगायोगाचे नाही, तो त्या लेखनप्रकाराचा धर्म आहे. व्यापाराची संहिता मालाला नाव देते, माल करणाऱ्याला देत नाही. समीक्षेला करण्याजोगे काम इथे आहे, आणि नेमके तेच आपण पुरातत्त्वज्ञांकडे सोपवून मोकळे झालो.

आता दोन हजार वर्षे ओलांडून याच मातीतल्या आजच्या निर्यातयोग्य मालाकडे यावे. रब्बीची ज्वारी अजून टिकून असली तरी खरिपाचा मोठा भाग सोयाबीनने व्यापला आहे. ज्वारीभोवती भाषेचा केवढा पसारा आहे! हुरडा, कडबा, कणीस, खळे, जात्यावरच्या ओव्या. वेळ अमावस्येला शेतात कडब्याची कोप करून तिच्यात मांडलेले पांडव, भज्जी आणि आंबील. सोयाबीनला यातले काहीच नाही. ते जात्यावर येत नाही, चुलीवर क्वचित येते. ते पेरणाऱ्याच्या ताटासाठी पिकतच नाही. त्याची भाषा मोंढ्यात सुरू होते: आडत, हमाली, तोलाई, कट्टा आणि ‘हवा’. या शेवटच्या शब्दाचा अर्थ दाण्यातला ओलावा, आणि तो १२ टक्क्यांच्या वर गेला की हमीभावाच्या केंद्रावरून माल परत येतो. मराठी ग्रामीण कवितेत हवा पुष्कळ आहे, ही हवा मला तरी अजून भेटलेली नाही. आपली समीक्षा ज्वारीच्या शब्दसंग्रहाला ‘देशी’ म्हणून गौरवते आणि सोयाबीनच्या शब्दसंग्रहाला भाषा मानायलाच तयार नसते.

दुसरे गृहीतक तपासण्यास ऑगस्ट २०२१ हा महिना पुरेसा आहे. त्या महिन्याच्या आरंभी सोयाबीनचा भाव क्विंटलला दहा हजार रुपयांच्या घरात पोहोचला होता. त्या हंगामाचा हमीभाव होता ३,९५० रुपये. जागतिक बाजारातील तेजी कळंब-वाशीच्या बांधापर्यंत आली होती. त्याच महिन्यात, नवे पीक निघण्याच्या तोंडावर, केंद्र शासनाने जनुकीय बदल केलेल्या सोयाबीनची १२ लाख टन पेंड आयात करण्यास मुभा दिली. मागणी कुक्कुटपालन उद्योगाची होती. ऑक्टोबरपर्यंत, नव्या आवकेच्या दबावाची भर पडून, भाव पाच हजारांच्या आसपास उतरला. डिसेंबरात सोयाबीनचे वायदेही बंद करण्यात आले. पुढेही हाच क्रम आहे: सप्टेंबर २०२४ मध्ये कच्च्या खाद्यतेलावरचे एकूण आयातशुल्क ५.५ वरून २७.५ टक्के झाले आणि मे २०२५ च्या अखेरीस ते १६.५ वर आणले गेले.

यात परकीय कोण आणि देशी कोण? शिकागोच्या बाजाराने दिलेले दिल्लीने काढून घेतले, हे वाक्य आपल्या चर्चासत्रांच्या व्याकरणात बसत नाही. कारण तिथे बाजार नेहमी बाहेरचा आणि राज्यसंस्था नेहमी हतबल किंवा विकली गेलेली असते. शरद जोशी ‘उणे सबसिडी’ म्हणून जे सांगत होते ते पटो वा न पटो, त्यांनी डंकेल प्रस्तावाचे समर्थन का केले हा प्रश्न ग्रामीण साहित्याच्या अभ्यासकाने स्वतःला विचारायला हवा होता. तो विचारला न जाता त्यांना ‘खुल्या बाजाराचे समर्थक’ म्हणून बाजूला ठेवले गेले. खुल्या बाजाराविषयी त्यांचा विश्वास मला अतिरेकी वाटतो. आयात खुली करून निर्यात हवी तेव्हा अडवणारा बाजार खुला नव्हेच, हे मात्र त्यांच्याकडूनच शिकावे लागते.

देशीवादाची गोष्ट थोडी वेगळी आहे. ‘टीकास्वयंवर’मधले (१९९०) नेमाडे परक्या वस्तूचे देशीकरण होऊ शकते हे नाकारीत नाहीत, त्यांचे अनुयायी नाकारतात. सोयाबीन ही त्या सिद्धान्ताची खरी परीक्षा ठरली असती. बाहेरून आलेले हे पीक येथील शेतकऱ्याने स्वतःच्या हिशेबाने स्वीकारले, कमी मुदतीचे आणि रोख पैशाचे म्हणून. त्याचे आर्थिक देशीकरण झाले, सांस्कृतिक झाले नाही. असे अर्धे देशीकरण ज्या सिद्धान्तात बसत नाही, त्याने आपली चौकट वाढवायची की पिकालाच अदृश्य करायचे? आपण दुसरा मार्ग पत्करला.

याचा वाङ्मयीन परिणाम काय होतो ते कळंब तालुक्यातील हासेगावच्या भास्कर चंदनशिवांच्या ‘लाल चिखल’ या कथेच्या वाचनात दिसते. ही कथा शालेय पुस्तकात होती, अनेक पिढ्यांना ती आठवते. बाजारात टोमॅटोचा भाव कोसळतो आणि संतापलेला बाप स्वतःचा माल स्वतःच्या पायांनी तुडवतो. जागतिकीकरण हा शब्द आपल्या समीक्षेत रुळण्यापूर्वीची ही कथा आहे, म्हणून ती चर्चासत्रांतील ‘जागतिकीकरणाच्या’ यादीत सहसा नसते. ‘ग्रामीण वास्तव’, ‘हृदयद्रावक’ या खान्यात असते. परंतु कथेचा कणा भावाची घसरण हाच आहे. दिवसभरात प्रत्येक नवा पुकारा आधीच्यापेक्षा खाली जातो, आणि कथेचे काल-तत्त्व, तिची लय, बापाच्या बोलण्यातला ताण त्या उतरत्या आकड्यांनी बांधलेला आहे. भाव येथे पार्श्वभूमी नाही, तो रूपबंध आहे. कथेला रडवणारी म्हणणाऱ्यांनी तिच्यातले आकडे वाचलेच नाहीत. शिवाय येथे कोणी परका नाही: घेणारे, हिणवणारे, घासाघीस करणारे सगळे त्याच पंचक्रोशीतले आहेत. चंदनशिवांना १९९१ ची गरज पडली नाही, कारण त्यांनी बाजार आतून पाहिला होता.

या जिल्ह्यात मराठीचे विद्यार्थी आहेत. त्यांच्यातले कित्येकजण ऑक्टोबरात घरचे सोयाबीन मोंढ्यावर घेऊन जातात आणि मार्चमध्ये जागतिकीकरणाच्या परिणामांवर वीस गुणांचे उत्तर लिहितात. उत्तरात सोयाबीन नसते, कारण तसे शिकवलेले नसते. आडत्याची पावती, हमीभावाचा तक्ता, आयातीची अधिसूचना या संहिता आहेत आणि त्यांना निवेदक, संबोधित, गाळलेल्या जागा आहेत, असे धरून एक अभ्यासपत्रिका का आखता येऊ नये? सुरुवात ऑगस्ट २०२१ च्या त्या अधिसूचनेपासून करावी. तीत पेंडीचे वजन आहे, मुदत आहे, माल उतरवण्याचे बंदर म्हणून न्हावा शेवाचे नाव आहे. पेरिप्लसमध्ये भडोचबरोबर निदान तगरचे नाव तरी आले होते.