वेळेचं आवर्तन

‘देवानं प्रत्येकाला दिवसाचे चोवीसच तास दिले आहेत,’ हे वाक्य ज्या गृहस्थाने प्रथम उच्चारलं, तो बँकेच्या काउंटरच्या कोणत्या बाजूला होता, एवढंच मला विचारायचं आहे. माझी खात्री आहे, तो आतल्या बाजूला, पंख्याखाली बसलेला असणार.

हे वाक्य मी परवा पुन्हा ऐकलं. आम्हा कारकून मंडळींना वेळेचं नियोजन शिकवायला पुण्याहून एक व्याख्याते आले होते. दहाचं व्याख्यान पावणेअकराला सुरू झालं, हा भाग वेगळा. ते म्हणाले, ‘वेळ पाण्यासारखी वाहते, आणि सगळ्यांसाठी सारखीच वाहते.’

श्रीगोंद्यात येऊन पाणी सगळ्यांसाठी सारखं वाहतं असं म्हणायला वाघाचं काळीज लागतं. आमच्याकडे कुकडीचा डावा कालवा आहे. तो जुन्नर तालुक्यातल्या येडगावहून निघतो आणि पारनेर, श्रीगोंदा, कर्जत करत करमाळ्याकडे जातो. आवर्तन सुटलं की वरच्यांची शेतं तुडुंब, आणि टेलचा माणूस कोरड्या चारीत उभा राहून वर बघतो. आम्ही पारनेरकडे बघून बोटं मोडतो, कर्जतवाले आमच्याकडे बघून मोडतात. धरण एक, पाणी एक, कालवा एक. पण हेडचं पाणी वेगळं आणि टेलचं वेगळं.

माझं म्हणणं एवढंच की वेळेचंही असंच असतं.

तुम्ही म्हणाल, अहो, पण घड्याळ तर सगळ्यांचं सारखं आहे! आहे ना. भारतीय प्रमाणवेळ साडेब्याऐंशी अंश रेखांशाची. ती रेषा जाते तिकडे उत्तर प्रदेशात मिर्झापूरजवळून. श्रीगोंदं तिच्या पश्चिमेला पावणेआठ अंश. म्हणजे आमचा सूर्य आमच्या घड्याळाच्या मागे साधारण एकतीस मिनिटं. मी साडेदहाला शाखेत पोचतो तेव्हा सूर्याच्या हजेरीपटावर दहाच वाजलेले असतात. हा मुद्दा मी साहेबांपुढे मांडला होता. ‘पगार सूर्याकडून घ्या,’ असं ते म्हणाले.

आणि ही वेळ तरी कुठे गोडीगुलाबीनं आली? १ जानेवारी १९०६ ला सरकारनं प्रमाणवेळ लागू केली तेव्हा मुंबईची घड्याळं एकोणचाळीस मिनिटं पुढे सरकवायची होती. फिरोजशहा मेहतांसारख्यांनी महापालिकेत विरोध केला, गिरणी कामगारही खवळले. कारण सोपं आहे. काटा साहेबानं फिरवायचा आणि जानेवारीच्या थंडीत एकोणचाळीस मिनिटं आधी उठायचं कामगारानं. महापालिकेनं आपली ‘मुंबई टाइम’ची घड्याळं पुढे कित्येक दशकं तशीच चालवली.

प्रमाणवेळेशी माझं भांडण नाही. ती नसती तर रेल्वेचा गोंधळ झाला असता. आता निदान गाडीला किती उशीर झाला ते तरी नेमकं सांगता येतं. दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेत अणुघड्याळं आहेत. सीझियमच्या अणूची ९,१९,२६,३१,७७० आंदोलनं झाली की एक सेकंद. एक आंदोलन इकडचं तिकडे होत नाही. पण ‘सर्व्हर डाऊन आहे, पाच मिनिटं बसा’ यातली पाच मिनिटं कोणत्या अणूची असतात, ते मला बावीस वर्षांच्या नोकरीत कळलेलं नाही.

मी बी.कॉम. आहे. फारसं काही लक्षात राहिलं नाही, पण प्रत्येक नावेला कुठेतरी जमा असतेच, हे डोक्यात पक्कं बसलं आहे. मग माणसाची वेळ ‘वाया गेली’ म्हणजे नेमकी कुठे गेली? पैसे असे हवेत गेले असते तर ऑडिटरनं आमची झोप उडवली असती. वेळ जाते तेव्हा ती कुणाच्या तरी खात्यावर जमा होते. कुणाच्या, ते सांगतो.

गेल्या उन्हाळ्यात मांडवगणकडच्या एक आजी निराधार योजनेचे पैसे काढायला आल्या. दोन वाजता आल्या. सर्व्हर बंद. मग सर्व्हर आला तर मी चहाला गेलेला. चहावर उसाच्या बिलाचा विषय निघाला. तो आमच्या तालुक्यात अर्ध्या तासाच्या आत आटपल्याचं कुणी ऐकलेलं नाही. परत आलो तेव्हा रांग तशीच होती. आजींचा नंबर आला आणि चार वाजले. मी भिंतीवरच्या घड्याळाकडे बोट दाखवून म्हणालो, ‘आजी, वेळ संपली. उद्या या.’

‘कुणाची संपली रं लेकरा?’ त्या म्हणाल्या. ‘मी तर दोनपासून हितंच हाय.’

एसटीत बायकांना तिकीट अर्धं आहे, पण दिवस पूर्ण जातो. त्या दिवशी आजींच्या नावे पडलेले दोन तास जमा कुठे झाले, ते मला ठाऊक आहे. त्यातला अर्धा तास माझ्या चहाच्या कपात होता.

म्हणून वेळेचा प्रवाह खरोखर समतोल करणारं यंत्र कुणी काढणार असेल, तर माझी एकच अट आहे. ते भिंतीवर लावू नका, ते कालव्याच्या दारासारखं असू द्या. आमच्याकडचे शेतकरी ‘टेल टू हेड’ पाणी मागतात, म्हणजे आधी शेवटच्याला, मग वरच्यांना. वेळही तशीच सोडा. तलाठी, डॉक्टर, पुढारी, बँकवाले हे सगळे हेडचे लोक. बाहेर बाकावर माणूस दहा मिनिटं ताटकळला की यंत्रानं आतल्या माणसाच्या जेवणाच्या सुटीतून दहा मिनिटं कापावीत. पुढाऱ्याची सभा दोन तास उशिरा सुरू झाली तर भाषणातून दोन तास वजा. महाराष्ट्रातल्या निम्म्या सभा भाषणाविना पार पडतील, आणि लोक यंत्राला हार घालतील.

दुसऱ्या दिवशी शटर वर जायच्या आधीच आजी पायरीवर बसलेल्या होत्या. अंगठा, पैसे, पासबुक. काम तीन मिनिटांचं. मी ओशाळून काहीतरी बोलणार, तोच नोटा कनवटीला लावत त्या म्हणाल्या, ‘आज लई लवकर झालं बाबा. देव तुझं भलं करो.’

शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

यंत्र येईल तेव्हा येईल. तोवर साडेतीनला मी उठून रांगेचं शेवटचं टोक बघून येतो आणि लांबच्या गावच्यांना आधी घेतो. साहेबांना हे नियमबाह्य वाटतं. माझा चहा रोज गार होतो. पण नावे-जमा जुळते.