आधी तपासणी, मग गोळी!



टीबीची औषधं एखाद्याला लागू पडली नाहीत की आपल्याकडे निकाल आधीच लागलेला असतो: याने कोर्स अर्धवट सोडला असणार. दवाखान्यात, नातेवाइकांत, वस्तीत हाच ठपका रुग्णावर बसतो. 2014 ते 2016 या काळात देशभर झालेलं सरकारी सर्वेक्षण वेगळं सांगतं. ज्यांच्यावर पूर्वी टीबीचे उपचार झालेच नव्हते, अशा दर शंभर रुग्णांत जवळजवळ तिघांना एमडीआर टीबी होता. म्हणजे आयसोनियाझिड आणि रिफाम्पिसिन या दोन्ही मुख्य औषधांना न जुमानणारा. आधी उपचार झालेल्यांत हे प्रमाण शंभरात अकरा-बारा होतं, हे खरं. पण त्या तिघांनी कोर्स सोडायला तो सुरू तरी कुठे केला होता? त्यांच्या छातीत शिरला तो जंतूच औषधाला सरावलेला होता, दुसऱ्या कुणाच्या खोकल्यातून, कोंदट खोलीच्या हवेतून आलेला.

अशा रुग्णाला तपासणीशिवाय नेहमीची चार औषधं दिली, तर त्यातली मुख्य दोन वाया जातात आणि उरलेल्या दोनांवर सगळा भार येतो. चार दिवस बरं वाटतं, ताप उतरतो आणि तेवढ्यात जंतू त्या दोन औषधांनाही सरावतो. मग डॉक्टर आणखी एक औषध वाढवून बघतात. तेही असंच जातं. असे चुकीचे कोर्स विरळ नव्हते: मुंबईच्या धारावीतल्या शंभर खाजगी डॉक्टरांना 1991च्या अभ्यासात टीबीचे उपचार विचारले, तेव्हा ऐंशी निरनिराळे कोर्स समोर आले. 2010 साली प्रसिद्ध झालेल्या, त्याच भागातल्या पाहणीत 106 डॉक्टरांपैकी फक्त 6 जणांना अचूक प्रिस्क्रिप्शन लिहिता आलं. पुढे 2012च्या सुमारास मुंबईतल्याच हिंदुजा रुग्णालयातल्या डॉक्टरांनी तपासलेल्या कुठल्याच औषधाला दाद न देणारे रुग्ण जगासमोर मांडले, तेव्हा वाद पेटला तो मुख्यतः त्या प्रकाराला नाव काय द्यावं यावर.

रुग्ण कोर्स सोडतातच, असं कुणी म्हणेल. सोडतात. एमडीआरचा जुना कोर्स दीड-दोन वर्षांचा होता, त्यात कित्येक महिने रोज इंजेक्शन, आणि त्या इंजेक्शनांनी अनेकांची श्रवणशक्ती कायमची गेली. मुंबईच्या नंदिता वेंकटेशन आणि दक्षिण आफ्रिकेच्या फुमेझा तिसिले या त्यातल्याच दोघी. या इंजेक्शनांची जागा घेणाऱ्या बेडाक्विलिन या नव्या औषधावरची मक्तेदारी लांबू नये म्हणून त्यांनी हरकत घेतली आणि मार्च 2023मध्ये भारतीय पेटंट कार्यालयाने ते बनवणाऱ्या कंपनीचा अर्ज फेटाळला. आता एमडीआरसाठी बेडाक्विलिनसह सहा महिन्यांचा, तोंडाने घ्यायच्या गोळ्यांचा कोर्स केंद्र सरकारने 2024मध्ये मंजूर केला आहे. म्हणजे कोर्स सोडण्याचं एक मोठं कारण औषधातच होतं, आणि ते दूर करता येतं.

दुसरा आक्षेप तपासणीच्या खर्चाचा. सीबीनॅट यंत्र बेडक्यातला टीबीचा जंतू आणि रिफाम्पिसिनला त्याचा प्रतिकार सुमारे दोन तासांत दाखवतं. ही तपासणी चुकवल्यावर चुकीच्या औषधांत जे महिने जातात, त्यांत घरातली मुलं, शेजारी, सहकारी बाधित होतात. तो खर्च कुठल्या वहीत मांडायचा? नवी औषधं सर्रास वाटली तर तीही निकामी होतील, ही भीती मात्र रास्त आहे. बेडाक्विलिनलाही न जुमानणारे जंतू सापडू लागले आहेत. म्हणून तर सीबीनॅटवर न थांबता, इतर औषधांचा प्रतिकार दाखवणाऱ्या एलपीए आणि कल्चर या तपासण्याही हव्यात. औषधं जपायची असतील तर ती नेमक्या रुग्णाला, वेळेवर आणि खंड न पडता मिळाली पाहिजेत. 2024च्या सुरुवातीला साधी टीबीची औषधंही अनेक ठिकाणी मिळेनाशी झाली. तेव्हा गोळ्या कुणी सोडल्या होत्या?

आमची मागणी एवढीच: सरकारी असो वा खाजगी, टीबीच्या प्रत्येक रुग्णाची प्रतिकाराची तपासणी उपचार सुरू करतानाच व्हावी आणि औषधांचा साठा कधीही तुटू नये. आपल्या घरात कुणाला टीबीचं निदान झालं असेल, तर डॉक्टरांना पहिल्याच भेटीत विचारा: रिफाम्पिसिनची तपासणी झाली का? झाली नसेल तर जवळच्या सरकारी टीबी केंद्रात चला. तिथे ती मोफत होते, खाजगी डॉक्टरांकडे उपचार घेणाऱ्यांचीही.