गेमसाठी जागा नाही? दोष नेहमी तुमच्या डिस्कचा नसतो

‘डिस्कवर पुरेशी जागा नाही’ असा संदेश आला की आपण फोटो-व्हिडिओ डिलीट करायला लागतो. पण कधी कधी गेमच गरजेपेक्षा मोठा असतो.

‘हेलडायव्हर्स २’ पीसीवर सुमारे १५४ जीबी जागा घ्यायचा. जुन्या हार्ड डिस्कवर तो लवकर लोड व्हावा म्हणून त्यात त्याच त्या फाइल्सच्या अनेक प्रती होत्या. डिसेंबर २०२५ मध्ये अ‍ॅरोहेड या कंपनीने या जादा प्रती काढलेली आवृत्ती दिली. तिचा आकार फक्त २३ जीबी! हार्ड डिस्कवरही लोडिंगला काही सेकंदच जास्त लागतात, असं कंपनीच्या चाचणीत दिसलं.

मग आपण काय करायचं?

- १ टीबीची डिस्क विंडोजमध्ये ९३१ जीबीच दिसते, हे लक्षात ठेवा.
- अपडेट होताना जुन्या-नव्या फाइल्स काही काळ एकत्र राहतात. त्यामुळे गेमच्या आकारापेक्षा थोडी जास्त जागा मोकळी ठेवा.
- स्टीमवरचा गेम डिलीट न करता दुसऱ्या ड्राइव्हवर हलवता येतो. ‘प्रॉपर्टीज’मधल्या ‘इन्स्टॉल्ड फाइल्स’मध्ये तो पर्याय आहे.

एवढं करूनही भागलं नाही, तरच नव्या एसएसडीवर पैसे खर्च करा.