फोटोमागचे नाव

वर्तमानपत्र हाती आले की घरातली वडीलधारी माणसे आधी निधनवार्ता पाहतात. ‘भावपूर्ण श्रद्धांजली’, ‘प्रथम पुण्यस्मरण’. चौकटीतला चेहरा पुष्कळदा कुठल्याशा लग्नाच्या ग्रुप फोटोतून कापलेला असतो. शेजारच्याचा खांदा कोपऱ्यात तसाच राहून गेलेला. महिनाअखेर तो चेहरा रद्दीत जातो.

ख्रिस्तियन बोल्तान्स्की या फ्रेंच कलावंताने असेच चेहरे गोळा केले. त्याचा जन्म १९४४ चा, पॅरिसचा. युद्धकाळात त्याच्या ज्यू वडिलांना स्वतःच्याच घरात, जमिनीखाली लपून राहावे लागले होते. माणसे पुसली जातात, हे त्याला लहानपणीच कळले असले पाहिजे. स्वित्झर्लंडमधील व्हॅले प्रांताच्या एका दैनिकातील निधनवार्तांचे फोटो घेऊन त्याने १९९० च्या सुमारास कलाकृती उभ्या केल्या. त्याआधी व्हिएन्नातील एका ज्यू शाळेच्या १९३१ सालच्या वर्गाचा फोटो घेऊन त्यातला एकेक चेहरा त्याने इतका मोठा केला, की डोळ्यांच्या जागी काळ्या खोबणी उरल्या. वर दिवे, खाली पत्र्याचे डबे. पाहणारा हेलावतो, पण ही मुले कोण, कोणाची, हे त्याला कळत नाही. बोल्तान्स्की २०२१ मध्ये गेला. फोटो उरतो आणि माणूस हरवतो, हेच तो जन्मभर दाखवीत राहिला.

हे दुःख आपल्याला परके नाही. साताऱ्यात कोयनेच्या शिवसागराखाली गावे गेली. सांगलीत ऑगस्ट २०१९ मध्ये आयर्विन पुलाजवळ कृष्णेचे पाणी ५७ फुटांवर चढले. तिथली धोक्याची पातळी ४५ फूट. पंचनाम्यात पडलेली भिंत येते, वाहून गेलेले जनावर येते. चिखलात भिजलेला लग्नाचा अल्बम येत नाही. जपानमध्ये २०११ च्या त्सुनामीनंतर यामामोतो गावी स्वयंसेवकांनी सुमारे ७.५ लाख फोटो धुऊन काढले आणि जमतील तेवढे घरोघरी परत केले. असे काम आपल्याकडेही पूर ओसरल्यावर शाळा-महाविद्यालयांतील मुलांना सहज करता येईल. चिकटलेले फोटो ओढून सोडवू नयेत. थंड, स्वच्छ पाण्यात हलकेच सुटू द्यावेत आणि सावलीत, स्वच्छ कापडावर उताणे वाळवावेत.

पण पुरापेक्षा मोठी हानी कोरड्या घरात, आवाज न करता होत असते. ट्रंकेतला फोटो शाबूत असतो. त्यातली नऊवारीतली बाई कोण, हे सांगणारी आजी मात्र गेलेली असते. आजी गेली, की ती बाई दुसऱ्यांदा मरते. मग नातवंडांच्या लेखी तो फोटो म्हणजे नुसता जुना कागद. उद्या तो भंगारवाल्याकडे गेला तर दोष कोणाला द्यायचा?

म्हणून या रविवारी ट्रंक उघडावी. आजी-आजोबांना जवळ बसवावे, ते सांगतील तसे मऊ पेन्सिलीने, न दाबता, फोटोमागे लिहावे: नाव, नाते, साल, गाव. गाव आता पाण्याखाली असेल तर ते आवर्जून लिहावे. गुळगुळीत कागदावर पेन्सिल उमटत नसेल, तर पाकिटावर लिहावे. बॉलपेनने फोटोला वळ उठतात.

अनामिक चेहऱ्यांतून बोल्तान्स्कीने मोठी कला घडविली. आपल्या माणसांवर मात्र अनामिक होण्याची वेळ येऊ नये.