न बोलावलेल्या वादकाचा वाटा

सिने म्युझिशियन्स असोसिएशन, मुंबईच्या पदाधिकाऱ्यांस,



कृत्रिम बुद्धिमत्तेने रचलेल्या संगीताचा विषय निघाला की सहसा दोन मागण्या पुढे येतात: बंदी घाला, नाहीतर ज्याचं वादन वापरलं त्याला रॉयल्टी द्या. पण यंत्रामुळे जो स्टुडिओत बोलावलाच गेला नाही, त्याला रॉयल्टी कसली? त्याचा वाटा मागणारी तिसरी मागणी अमेरिकेतल्या वादकांनी ऐंशी वर्षांपूर्वी पदरात पाडून घेतली होती.

1927 च्या ‘द जॅझ सिंगर’नंतर बोलपट पसरले आणि मूकपटांना साथ करणारे हजारो वादक काही वर्षांत घरी बसले. 1896 साली स्थापन झालेल्या अमेरिकन फेडरेशन ऑफ म्युझिशियन्सने डबाबंद, म्हणजे ध्वनिमुद्रित, संगीताविरुद्ध जाहिराती दिल्या, प्रेक्षक ढिम्म. अखेर अध्यक्ष जेम्स पेट्रिलो यांनी 1 ऑगस्ट 1942 पासून, ऐन युद्धात, सभासदांचं ध्वनिमुद्रणच थांबवलं. खुद्द राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांची तार आली तरी ते बधले नाहीत. तबकडी कंपन्यांपैकी डेक्का 1943 मध्ये नमली, कोलंबिया आणि आरसीए व्हिक्टर नोव्हेंबर 1944 मध्ये. विकल्या गेलेल्या तबकडीमागे ठरावीक रक्कम संघटनेच्या निधीत जाऊ लागली. ती तबकडीवर वाजवणाऱ्यासाठी नव्हती. त्याला मजुरी मिळालेलीच होती. काम नसलेल्या वादकांना बागांत, शाळांत, इस्पितळांत फुकट कार्यक्रम करायचं मानधन त्यातून मिळे.

याची किंमतही मोजावी लागली, हे मान्य. गायक सभासद नव्हते. फ्रँक सिनात्रा यांनी 1943 मध्ये वाद्यांऐवजी गायकवृंद घेऊन गाणी मुद्रित केली, आणि वाद्यवृंदांची सद्दी संपण्यात बंदीचाही हात होता. पुढे लॉस एंजेलिसच्या स्टुडिओ वादकांच्या हक्काचे पैसेही पेट्रिलोंनी निधीकडे वळवले, तेव्हा 1958 मध्ये त्या वादकांनी वेगळी चूल मांडली. त्यांचा राग रास्तच होता. पण त्यावरून निधी चूक ठरत नाही. वाजवणाऱ्याच्या हिश्शाला हात लावू नये, एवढंच ठरतं. हिशेबाची शंका असेल, तर 1947 च्या टाफ्ट-हार्टली कामगार कायद्यानंतर तिथे 1948 पासून निधी स्वतंत्र विश्वस्ताकडे गेला, तसं इथेही करता येईल.

आपल्याकडे सिंथेसायझर आला आणि गोव्याच्या वादकांनी गाजवलेले व्हायोलिनचे ताफे विरळ झाले. 2012 च्या कॉपीराइट दुरुस्तीने कलाकाराला रॉयल्टीचा हक्क दिला खरा; पण चित्रपटात ज्याचं काम प्रासंगिक आणि ज्याचं नाव श्रेयनामावलीत देण्याची प्रथा नाही, त्याला तोच कायदा जवळपास वगळतो. कोरसमागच्या दहाव्या व्हायोलिनवाल्याने काय समजायचं?

यंत्राला संपाची भीती नाही, असं म्हणाल. निर्मात्याला आहे; खरी सारंगी, खरी ढोलकी त्याला अजून लागते, आणि ती लागते आहे तोवरच बोलणी करता येतील. तेव्हा निर्मात्यांशी पुढचा करार करताना दोन कलमं घालाच: प्रत्येक वादकाचं नाव श्रेयनामावलीत, आणि यंत्राने वाजवलेल्या प्रत्येक गाण्यामागे ठरावीक रक्कम निधीत.